मी नोटिशीच्या पाया पडले

हसायचं असेल तर आधीच हसून घ्या. कारण हे सांगताना मला अजून घाम फुटतो, आणि मध्येच कुणी हसलं की पुढचं राहून जातं.

चार माणसांत मी तोंड उघडत नाही, असा माझा लौकिक. माहेरी उदगिरात आई म्हणायची, "हिला बोलतं करायचं तर तहसीलदाराची ऑर्डर आणावी लागती." तर अशी मी, अक्षरही न बोलता, नुसता डोक्यावर पदर घेऊन आणि दोन्ही हात पुढं करून, सासऱ्यांची नोकरी घालवायला निघाले होते!

लग्नाला अडीच महिने झाले होते. सासर चिटगुप्प्याचं. घरात आम्ही चौघंच. आत्याबाई, म्हणजे माझ्या सासूबाई. हे, ज्यांचं बाजारात बियाण्यांचं दुकान आहे; आईला अव्वा म्हणतात, वडलांना अप्पा, आणि चिडले की मला कळू नये म्हणून कानडीत बोलतात. कळतं हो सगळं! मी सांगत नाही, एवढंच.

आणि मामाजी. माझे सासरे. सरकारी भूमापक. म्हणजे जमीन मोजणारे. तीस वर्षं या भागातले बांध तुडवलेला माणूस. उंच, काळाभोर, चालताना अजूनही पावलं मोजल्यासारखी टाकणारा. पहिल्या आठवड्यात मी अंगणात रांगोळी काढत होते, तर मागून आवाज आला, "सूनबाई, डावीकडचा कोपरा दोन बोटं बाहेर गेलाय." पट्टी लावून बघितलं. दोन बोटं! तेव्हापासून मला त्यांची जी दहशत बसली ती बसलीच.

या एवढ्या माणसाला त्या महिन्यात घोर लागला होता.

सरकारात एक नियम आहे म्हणे. पन्नाशी ओलांडली की नोकरदाराचं काम तपासायचं. अजून उपयोगाचा असेल तर ठेवायचं, नसेल तर साठीची वाट न बघता घरी पाठवायचं. सक्तीची निवृत्ती. पेन्शन मिळते, आणि त्याला शिक्षा असंही म्हणत नाहीत. कागदावर लिहितात, 'सार्वजनिक हितासाठी'. आता बघा! तीस वर्षं उन्हात मोजणीची साखळी ओढायची, आणि शेवटी तुम्ही घरी बसण्यातच जनतेचं हित!

यंदा मामाजींच्या कचेरीतल्या लोकांची नावं तपासायला निघाली होती. मामाजी कामात वाघ, पण लिहिण्यात... कसं सांगू? हल्ली रोज काय काम केलं ते कॉम्प्युटरवर भरावं लागतं. मामाजींनी ते कधी भरलंच नव्हतं. "मोजू का लिहू?" असं त्यांचं म्हणणं. म्हणजे सरकारच्या कॉम्प्युटरला विचारलं तर हा माणूस वर्षानुवर्षं झाडाखाली झोपलेला होता!

"ज्याच्यावर संशय हाय त्याला कलबुर्गीच्या मोठ्या कचेरीतनं पत्र येतंय," मामाजींनी एका संध्याकाळी सांगितलं. "तसं विचारायलाच पायजे असं नियमात न्हाई. पण तिथल्या मॅडम चांगल्या हैत, आधी खुलासा मागायलेत. पत्र आलं न्हाई म्हणजे आपण सुटलो."

"कशानं येतंय?" ह्यांनी विचारलं.

"रजिस्टर पोस्टानं. आणखी कशानं?" मग माझ्याकडं वळून म्हणाले, "सूनबाई, तू घरी असतीस. पोस्टमन आला की लगेच मला फोन कर."

एवढ्या मोठ्या माणसानं एवढं मोठं काम माझ्यावर सोपवलेलं! मी पोस्टमनवर जी पाळत ठेवली, ती पोलीस चोरावर ठेवणार नाहीत. सायकल गल्लीत वळली की हातातलं लाटणं घेऊन दारात उभी. चौथ्या दिवशी बिचारा लांबूनच ओरडला, "अक्का, न्हाई हो तुमचं काही! ते लाटणं आत ठेवा!"

आता मधे एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर तुम्ही मला अगदीच वेडी समजाल.

आमच्या लग्नाला ज्यांना येता आलं नाही, ते पाहुणे अजून येत होते. नवी सून बघायची, चहा घ्यायचा, आहेराचं पाकीट हातात ठेवायचं. मी पाया पडायचं आणि पाकीट तसंच देवघरात बसवण्णांच्या फोटोपुढं ठेवायचं. आत्याबाईंचा दंडक असा की पाकिटं पौर्णिमेला, पूजा झाल्यावर, सगळी एकदमच फोडायची. तोवर कुणी हात लावायचा नाही.

आणि आमच्या सासरचे निम्मे लोक सरकारी नोकर. आहेरसुद्धा कचेरीतल्या खाकी पाकिटात! त्यातले एक काका तर ट्रेझरीतून निवृत्त झालेले. त्यांनी पाकीट दिलं आणि खिशातून वही काढून माझी सही घेतली. "पोचलं म्हणून," म्हणाले. आत्याबाई नंतर म्हणाल्या, "त्यांचं तसंच हाय. जेवल्यावर बी सही मागतेत."

तर मंगळवारी दुपारी दारात एक गृहस्थ आले. हडकुळे, हातात छत्री, बगलेत पिशवी, तोंड उन्हानं सुकलेलं. पोस्टमन नव्हेत. मी निर्धास्त.

"अप्पा हैत का घरी?"

"जनवाड्याला गेलेत, मोजणीला."

"आन् बाई?"

"मठात गेल्यात. तुम्ही कुठले?"

"कलबुर्गीहून आलोय." त्यांनी माझ्या हिरव्या चुड्याकडं पाहिलं. "तुम्ही सूनबाई ना? नवीनच लग्न झालंय म्हणून ऐकलतो."

बघा! तुम्हीच सांगा, यातून कुणाला काय वाटेल?

"आत या ना," मी म्हटलं.

ते जरा घाबरल्यासारखे झाले. "आत? मी?"

मी त्यांना पंख्याखाली बसवलं. पाणी दिलं. सुशीला केली, भिजवलेल्या चुरमुऱ्यांची, वर भरपूर शेंगदाणे. त्यांनी दोनदा घेतली. चहा प्याले. मग उठून उभे राहिले, पिशवीतून खाकी पाकीट काढलं आणि फार अवघडून म्हणाले, "हे... द्यायचं होतं. घरच्या माणसानं घेतलं तरी चालतंय. आमचं काय, आम्ही आणून द्यायचं काम करतो. मनावर घेऊ नका, अक्का."

मनावर घेऊ नका! मला वाटलं, किती हा विनय. आहेर कमी आहे म्हणून माणूस लाजतोय. मी डोक्यावर पदर घेतला, दोन्ही हातांनी पाकीट घेतलं, कपाळाला लावलं आणि वाकून त्यांच्या पाया पडले.

त्या माणसाच्या डोळ्यांत पाणी आलं हो! खोटं नाही सांगत. "शरणु, शरणु," म्हणत, हात जोडत ते दोन पावलं मागं सरकले. मग खिसे चाचपून पन्नासची नोट काढली आणि माझ्या हातावर ठेवली. "नव्या नवरीला मोकळं कसं सोडू?" म्हणाले. शेवटी एक वही पुढं केली. "इथं सही करा. पोचलं म्हणून."

मी मनात म्हटलं, हेही ट्रेझरीवालेच दिसतात. आणि झोकात सही ठोकली. खाली तारीखसुद्धा घातली.

पाकीट गेलं बसवण्णांपुढं. त्यावर मी विभूतीची तीन बोटं ओढली, झेंडूचं फूल ठेवलं.

संध्याकाळी मी सगळं सांगितलं बरं का. लपवलं नाही. "कलबुर्गीचे पाहुणे येऊन गेले. नाव विचारायचं राहिलं. हडकुळे होते, छत्रीवाले."

आत्याबाईंनी भाकरी थापता थापता डोळे मिटले. "हडकुळे... छत्री... अगं, माझ्या मावसबहिणीचा दीर असंल! गुरुनाथ! लग्नाला आलं न्हाई ते. सुशीला किती खाल्ली?"

"दोनदा."

"मग गुरुनाथच!"

झाला की नाही निकाल? एवढ्यात मामाजी आले. चपला काढता काढता रोजचा प्रश्न, "सूनबाई, पत्र?"

"न्हाई आलं, मामाजी."

बुधवारी तेच. गुरुवारी तेच. रोज हा डोंगराएवढा माणूस माझ्या तोंडाकडं लेकरासारखा बघायचा, मी "न्हाई आलं" म्हणायचे, आणि त्यांच्या खांद्यावरचं ओझं थोडं उतरायचं. शुक्रवारी ते पहिल्यांदा हसले. त्यांच्या कचेरीतल्या दोघांना पत्रं आली होती, म्हणून शनिवारी ते त्या दोघांच्या घरी धीर द्यायला जाऊन आले. आत्याबाईंनी पुरण घातलं. जेवणाआधी मामाजी देवघरात गेले, हात जोडले आणि म्हणाले, "तुझी कृपा, बसवण्णा. माझी लाज राखलीस." आणि डोकं टेकलं. कुठं? बरोब्बर त्या पाकिटावर! उठले तेव्हा झेंडूची पाकळी कपाळाला चिकटलेली.

मला किती भरून आलं होतं म्हणून सांगू!

रविवारी सकाळी मामाजींचा फोन वाजला. त्यांना कमी ऐकू येतं असं नाही, पण फोन ते मोठ्या आवाजावर लावूनच बोलतात. सगळं घर ऐकतं.

"शरणु, अप्पा. मी बंडेप्पा, कलबुर्गीच्या कचेरीतला शिपाई. उद्या अकराला मॅडमसमोर यायलाव ना?"

"मी? मी कामून येऊ?"

"पत्र दिलो न्हवं का मंगळवारी! लेखी खुलासा शुक्रवारपर्यंत द्यायचा होता, तुमचा काही आला न्हाई. मॅडम विचारायलेत. पण अप्पा, एक सांगतो. वीस वर्षं नोटिसा वाटायलोय. लोक शिव्या देतेत, दार लावतेत, एकानं तर कुत्रं सोडलतं. तुमच्या सुनेनं पाया पडून घेतली! माझा आशीर्वाद सांगा पोरीला."

मामाजींनी फोन खाली ठेवला. घरात कुकरची शिट्टी झाली तीही घाबरत झाल्यासारखी. तिघांच्या माना हळूहळू माझ्याकडं वळल्या.

"गुरुनाथ..." आत्याबाई पुटपुटल्या.

हे काहीतरी कानडीत म्हणाले. कळलं. सांगणार नाही.

मी देवघरात गेले आणि पाकीट आणून मामाजींच्या हातात ठेवलं. आतल्या कागदावर लिहिलेलं होतं: पाच वर्षांत काम केल्याचं दिसत नाही, लेखी खुलासा द्यावा आणि सोमवारी कागदपत्रांसह समक्ष हजर राहावं, न आल्यास उपलब्ध कागदांवरून शिफारस करण्यात येईल. उपलब्ध कागद म्हणजे तो कॉम्प्युटर. रिकामा.

मला वाटलं, आता जमीन दुभंगावी. मामाजी ओरडले असते तर बरं झालं असतं. ते कागदाची घडी घालत एवढंच म्हणाले, "उद्या तू बी चल. सही तुझी हाय. खुलासा कामून दिला न्हाई, ते तुलाच सांगावं लागंल."

मी! मोठ्या कचेरीत! बोलणार!

सोमवारी हुमनाबादहून आम्ही कलबुर्गीची बस धरली. मामाजींच्या हातात एक फाईलसुद्धा नाही. वाटेत कमलापूरला खिडकीतून लाल केळी घेतली त्यांनी. परीक्षेला निघाल्यासारखी मी कडेला बसून मनात वाक्यं जुळवत होते.

ती कचेरी मी जन्मात विसरणार नाही. छतापर्यंत फायली! लाल फडक्यात बांधलेले गठ्ठे, एकावर एक, जसं काही सगळ्या मुलखाची जमीन कुणी घड्या घालून इथं आणून ठेवलीय. दारातच बंडेप्पा भेटले. त्यांनी मला पाहिलं आणि चेहरा असा झाला की मलाच त्यांची दया आली.

मॅडम चाळिशीच्या असतील. साधी सुती साडी, चष्मा, आवाज एवढा हळू की सगळी खोली गप्प होऊन ऐकत होती. मराठी आमच्यासारखीच. त्यांच्यापुढं एक जाडजूड पुस्तक होतं, मामाजींच्या नोकरीचं. पहिल्या पानावर मामाजींचा तरुणपणीचा फोटो; दाट केस, घाबरलेले डोळे. मी बघतच राहिले. एवढा माणूस, त्याच्या बदल्या, रजा, सगळी तीस वर्षं, एका पुस्तकात! आणि ते मिटायचं की उघडं ठेवायचं, हे समोरच्या बाईंच्या दोन बोटांत.

"लेखी खुलासा कुठाय?" मॅडमनी विचारलं.

मामाजींनी माझ्याकडं पाहिलं. मी उठले. जुळवलेली सगळी वाक्यं हुमनाबाद आणि कमलापूरच्या मधे कुठंतरी सांडून गेली होती. मी पाकीट टेबलावर ठेवलं.

"याला काय लागलंय?"

"विभूती."

"नोटिशीला विभूती?"

"फूल बी वाहिलतं," मी म्हटलं. उगाच! कुणी विचारलं होतं? "मॅडम, मला आहेर वाटला. नवीन लग्न झालंय. आमच्यात सगळे आहेर खाकी पाकिटातच येतेत. यांनी पन्नास रुपये बी दिले."

"कुणी?"

"बंडेप्पांनी."

मॅडमनी चष्मा काढून बंडेप्पांकडं पाहिलं. "नोटीस बजावताना तू पैसे दिलास?"

"पोर पाया पडली, मॅडम! काय करू?"

कोपऱ्यातल्या क्लार्कनं फाईल तोंडापुढं धरली. फाईल हलत होती. मॅडम मात्र हसल्या नाहीत. चष्मा पुसला, परत घातला. "बस तू," मला म्हणाल्या. मग मामाजींना म्हणाल्या, "पाच वर्षांत कॉम्प्युटरवर तुमची एक ओळ न्हाई. काम केलाव का?"

"केलो."

"पुरावा?"

"जमिनीत हाय."

आता संपलं, असं मला वाटलं. मॅडमनी एका गठ्ठ्यातून जुना, फाटायला आलेला नकाशा काढला. जनवाड्याच्या बाजूचा. दोन चुलतभावांचं बांधाचं भांडण. हद्दीचा दगड सापडत नाही म्हणून तिघा भूमापकांनी हात टेकलेले. "हे कधी बघितलाव?"

मामाजींनी नकाशाकडं बघितलंसुद्धा नाही. डोळे मिटले. आणि बोलायला लागले.

"अठरा वर्षं झाली. उत्तरेच्या बांधावर दोन बाभळी होत्या. एक तोडली, बूड हाय अजून. त्या बुडापासनं पूर्वेला नऊ पावलं. दगड उभा न्हाई, आडवा पडलाय. बैलगाडीचं चाक लागलतं. मी सांगितलो, उभा करा. केले नसतील. वर माती चढली असंल. हातभर खणा म्हणावं."

मॅडमनी फोन उचलला आणि तिथल्या तलाठ्याला सांगितलं, "आत्ता जावा. खणा. आन् मला कळवा."

आम्ही बाहेर बाकावर बसलो. मामाजींनी केळी काढली, एक मला दिलं, एक बंडेप्पांना. मी ते सोलतच नव्हते. तेव्हा ते म्हणाले, "सूनबाई, पाया पडलीस ते बरं केलीस. या माणसाला कुणी पाणी बी विचारत न्हाई." स्वतःची नोकरी टांगलेली, आणि हा माणूस शिपायाचा विचार करत होता! मी केळं तसंच हातात धरून बसले.

तासाभरानं आतून हाक आली. आम्ही गेलो तर मॅडम उभ्या होत्या. खुर्चीतून उठून उभ्या!

"सापडला," त्या म्हणाल्या. "नऊ न्हाई, साडेआठ पावलांवर."

"तलाठी नवीन हाय का?" मामाजी म्हणाले. "उंच असंल. पावलं लांब पडायलेत."

मॅडमनी तलाठ्याची उंची विचारली नाही. मान डोलावली फक्त. मी त्या घरात अडीच महिने राहत होते, या माणसाला वरण-भात वाढत होते, आणि मला ठाऊकच नव्हतं की त्याच्या डोक्यात एवढी रानं आहेत. प्रत्येक दगड, प्रत्येक बाभळ, तोडलेलीसुद्धा. ते मोठं पुस्तक टेबलावर उघडंच होतं. त्यात यातलं काहीच नव्हतं.

"माझं मत मी लिहून पाठवते," मॅडम म्हणाल्या. "निर्णय समितीचा. पण अप्पा, आता तरी कॉम्प्युटर भरा. तुम्ही गेल्यावर हे आम्ही कुणाला विचारायचं?"

पुढचे पाच आठवडे कसे गेले ते विचारू नका. रोज संध्याकाळी मामाजी ओसरीत बसून आठवून सांगायचे आणि मी टाइप करायचे. गावं, बांध, विहिरी, भांडणं. कीबोर्डवरून माझी बोटं थांबायची आणि मी ऐकतच राहायचे. "लिही गं," ते म्हणायचे, "नुसती आ करून काय बघायलीस?"

आणि मग निर्णय आला. मामाजींना सेवेत कायम ठेवलेलं! ह्यांनी गल्लीभर पेढे वाटले. आत्याबाईंनी पुन्हा पुरण घातलं. ताटं मांडली, आणि आत्याबाई मला वाढता वाढता मामाजींना म्हणाल्या, "तुमचं झालं. आता या घरात एका माणसाचा आढावा घ्यायचा राहिलाय."

"घेतलाय मी," मामाजी म्हणाले. घास बाजूला ठेवला, घसा साफ केला आणि कचेरीतल्या आवाजात सुरू केलं. "सूनबाईंना आजपासून, दार उघडणे आणि टपाल घेणे या कामातून, सार्वजनिक हितासाठी, सक्तीनं निवृत्त करण्यात येतंय."

हे तर हसून जमिनीवर लोळायचेच बाकी. मी एवढी न बोलणारी, पण मलाही चेव आला. पदर सावरला आणि म्हटलं, "असं कसं, मामाजी? मॅडमनी तुम्हाला विचारलं. मला बी खुलासा द्यायला संधी पायजे."

मामाजींनी घास उचलला. शांतपणे चावला. गिळला.

"पोरी," म्हणाले, "तुझा खुलासा मी कलबुर्गीत ऐकलोय. त्यावरनंच तर हा निर्णय झालाय."